छोट्या माहितीपटांतून सुरुवात करावी का? सोलापूरच्या एका अभिनेत्रीला उत्तर

तुमचा प्रश्न आधी माझ्या शब्दांत मांडते, म्हणजे मला तो नीट कळलाय का ते तुम्हालाही पाहता येईल. तुम्ही सोलापूरच्या, वय २२. तीन वर्षं एकांकिका करताय, राज्य नाट्य स्पर्धेतही एकदा उभ्या राहिलात. आता एक दिग्दर्शक सोलापूरच्या रोजच्या जगण्यावर दहा-बारा मिनिटांचे तीन माहितीपट करणार आहे आणि तिन्हींत तुम्हाला घेतोय. पहिल्यात विडी वळणारी बाई, दुसऱ्यात यंत्रमाग कारखान्यातली मुलगी, आणि तिसऱ्यात कडक भाकरी करणाऱ्या बायकांकडे जाऊन गप्पा मारणारी निवेदिका. मानधन जेमतेम. मैत्रिणी सांगतात की माहितीपट म्हणजे अभिनय नव्हे, मालिकेच्या ऑडिशनला हे कोणी बघत नाही, उलट ‘गरीब बाई’ असा शिक्का बसेल. तर करावं की करू नये, हे तुम्ही विचारताय.

माझ्या मते ‘करू का’ हा प्रश्न दुसरा आहे. पहिला प्रश्न हा, की या तीन चित्रपटांत तुम्ही नेमकं कोण आहात? कारण तिन्ही कामं एकसारखी वाटली तरी तीन वेगळ्या जातींची आहेत. मी पंचवीसेक वर्षं माहितीपट करते आहे, त्याआधी तुमच्यासारखीच रंगमंचावर होते आणि पहिली काही वर्षं कॅमेऱ्यापुढेच उभी राहिले. त्यामुळे दोन्ही बाजूंनी सांगते.

विडीपासून सुरू करू. सोलापूरजवळच्या कुंभारीच्या गोदूताई परुळेकर वसाहतीतच विडी कामगारांची १०,००० घरं आहेत. शहराच्या पूर्व भागात कुठल्याही गल्लीत सकाळी शिरलात तर उंबऱ्याशी सूप मांडीवर घेऊन बसलेली बाई दिसतेच. मग दिग्दर्शकाला विडी वळणारी बाई म्हणून अभिनेत्री कशाला हवी? हे त्याला सरळ विचारा. यात उद्धटपणा नाही, हा तुमच्या भूमिकेविषयीचा प्रश्न आहे, आणि चांगला दिग्दर्शक त्यावर खूश होतो. उत्तरं दोन प्रकारची येतात. एक असं, की ‘एका बाईने नवऱ्याच्या मारहाणीबद्दल सांगितलंय, तिला चेहरा दाखवायचा नाही, म्हणून तिचे शब्द आणि तुमचा चेहरा’. किंवा ‘मिलचा भोंगा बंद झाला त्या दिवसांतलं घर दाखवायचंय, ते आता चित्रित करायला उरलेलं नाही’. ही कारणं खरी आहेत. दुसरं उत्तर असं, की ‘खऱ्या बायका कॅमेऱ्यापुढे लाजतात, वेळ खातात, तुम्ही पटकन कराल’. हे कारण म्हणजे आळस. ज्या बाईचं आयुष्य दाखवायचं तिच्याशी ओळख व्हायला आठ दिवस लागतात. ते आठ दिवस वाचवायला तुम्हाला बसवलं जातंय.

तुमच्या पत्रावरून पहिल्या चित्रपटाचं कारण पहिल्या प्रकारचं दिसतं, कारण कथा एका बाईची आहे आणि तिने नाव द्यायला नकार दिलाय असं तुम्ही लिहिलंय. यंत्रमागाच्या चित्रपटाचं मात्र कुठलंच कारण तुम्हाला सांगितलेलं नाही. तिथे मला शंका आहे. विचारून घ्या.

आता अभिनयाकडे येते. मैत्रिणींचं चुकतं ते इथे, आणि मला सगळ्यात जास्त बोलायचंय तेही यावरच.

रंगमंचावर आपण काम ‘दाखवतो’. हातात काहीही नसताना भाकरी थापतो आणि शेवटच्या रांगेतल्या प्रेक्षकाला ती दिसते. ते कसब मोठं आहे, पण माहितीपटाच्या कॅमेऱ्यापुढे ते नुसतं उपयोगी पडत नाही असं नव्हे, आडवं येतं. कॅमेरा तुमच्या बोटांपासून दीड फुटावर असतो. पडद्यावर तुमच्या शेजारच्या शॉटमध्ये जिने आयुष्यभर विड्या वळल्यात तिचे हात असतात. प्रेक्षक तोलतो ते या दोन हातांना, तुमच्या चेहऱ्याकडे त्याचं लक्ष नंतर जातं.

माझ्या दुसऱ्या की तिसऱ्या कामात मला विडी वळायला बसवलं होतं. तालीम म्हणून आदल्या संध्याकाळी तासभर शिकले आणि येतंय असं वाटलं. दुसऱ्या दिवशी शॉट लागला. तेंदूची पानं आदल्या रात्री भिजवून, निथळून ओल्या फडक्यात गुंडाळून ठेवलेली होती. पत्र्याचा साचा पानावर ठेवायचा, शीर टाळायची, कात्रीने भोवतीने कापायचं. चिमूटभर तंबाखू पानावर लांबट पसरायची, एका कोपऱ्यातून पान वळत न्यायचं, रुंद तोंड दुमडून बंद करायचं, निमुळत्या बाजूला दोऱ्याचे वेढे द्यायचे. सांगायला पाच वाक्यं. माझी नजर प्रत्येक पायरीला हातांकडे जात होती, आणि त्याच वेळी चेहऱ्यावर मी ‘थकलेली, सोसणारी बाई’ आणत होते. शेजारी बसलेल्या मावशींनी माझ्याकडे बघितलं आणि म्हणाल्या, “पोरी, तोंड कशाला पाडतीस? विडीकडं बघायचं नसतं, दाराकडं बघायचं असतं. दूधवाला येतोय का, पोरगं शाळेतनं आलं का.” त्यांचे हात चालू होते आणि डोळे खरोखरच दारावर होते.

त्या एका वाक्यात मला जे मिळालं ते तीन वर्षांच्या स्पर्धांत मिळालं नव्हतं. काम करणारी माणसं कामाविषयीची भावना चेहऱ्यावर वागवत नाहीत. हात आपलं करतात, मन दुसरीकडे असतं. ज्या दिवशी तुमचे हात विडी वळतील आणि मन दाराकडे असेल, त्या दिवशी तुम्हाला कॅमेऱ्यापुढचा अभिनय कळायला लागेल. मालिका असो, चित्रपट असो, हाच पाया आहे. पुढे मी जेव्हा कलाकार निवडू लागले तेव्हा संवाद वाचून घ्यायच्या आधी त्यांना शेंगा सोलायला द्यायचे आणि सोलता सोलता बोलायला सांगायचे. ज्याचे हात बोलताना थांबतात, त्याला अजून वेळ आहे.

म्हणून माझा आग्रह आहे की शूटिंगच्या आधी किमान पंधरा दिवस रोज दोन तास एका विडी कामगार बाईशेजारी बसा. हजार विड्या वळण्याचं ध्येय ठेवू नका, ते जमणारही नाही. न बघता पन्नास वळता आल्या तरी पुरे. आणि एक गोष्ट कटाक्षाने पाळा. मजुरी हजार विड्यांमागे मिळते. तुम्हाला शिकवण्यात, शूटिंगच्या दिव्यांत, पुन्हा पुन्हा टेक देण्यात तिचे तास जातात, तिची पानं वाया जातात, आणि वाकड्या विड्या कारखान्यात तपासताना बाजूला पडतात. त्या दिवसाची तिची मजुरी आणि पानांची भरपाई निर्मात्याने द्यायची, हे आधी ठरवून घ्या. तुमच्या मानधनाच्या आधी हे बोला. तिच्या घरात तुमच्याशी ती कशी वागेल, हे यावरून ठरतं.

इथे ‘पुन्हा पुन्हा टेक’ आलं म्हणून सांगते. काहींना वाटतं, माहितीपट म्हणजे जे घडलं ते एकदाच टिपलं. तसं कधीच नव्हतं. सिनेमाच्या सुरुवातीच्या काळातल्या फ्रान्सच्या लुमिएर बंधूंनी १८९५ मध्ये आपल्याच कारखान्यातून बाहेर पडणारे कामगार चित्रित केले, त्याच्याही तीन आवृत्त्या आहेत. म्हणजे कामगारांना तीनदा बाहेर पडायला लावलं होतं. उत्तर ध्रुवाकडच्या इनुइट लोकांवरच्या १९२२ च्या ‘नानूक ऑफ द नॉर्थ’ या माहितीपटात नानूक म्हणून जो दिसतो त्याचं खरं नाव अल्लाकारियाल्लाक. त्याचे लोक तोवर बंदुका वापरत होते, तरी चित्रपटात शिकार भाल्याने दाखवली, आणि आतलं दिसावं म्हणून बर्फाचं घर अर्धं उघडं बांधलं. पुन्हा घडवून आणणं या प्रकाराच्या जन्मापासून आहे, त्यात पाप नाही. प्रेक्षकाला ते सांगितलं का नाही, एवढाच मुद्दा आहे.

याचा मला चटका बसलेला आहे. एका आरोग्यविषयक चित्रपटात मी एका आजारी कामगार बाईचा भाग केला. त्यावर ‘पुनर्निर्मित प्रसंग’, म्हणजे अभिनयाने पुन्हा घडवलेला, अशी पट्टी पडद्यावर येईल असं ठरलं होतं. प्रत्यक्षात माझ्या चेहऱ्याखाली एक बनावट नाव, वय आणि ‘विडी कामगार’ असं आलं. तो चित्रपट वस्त्यांमधून दाखवला गेला. काही महिन्यांनी साखर पेठेत एका बाईंनी मला थांबवून तब्येतीची चौकशी केली. डोळ्यांत काळजी होती. मी धडधाकट आहे, नाटकात काम करते, हे सांगताना त्यांचा चेहरा उतरला तो मी विसरलेले नाही. पुढचं त्या चित्रपटातलं काहीच त्यांनी खरं मानलं नसणार, आणि त्यातलं औषधपाण्याचं सांगणं तर खरं होतं. तेव्हापासून मी अभिनय असलेल्या प्रत्येक प्रसंगावर ‘पुनर्निर्मित प्रसंग’ किंवा ‘भूमिका’ असं स्पष्ट लिहिते आणि शेवटच्या नामावलीत कलाकाराचं नाव देते. तुम्ही हे लेखी मागा.

लेखी म्हणजे किती? दोन पानं पुरतात. मानधन किती आणि कधी (अर्धं आधी, उरलेलं शूटिंगच्या शेवटच्या दिवशी, ‘संकलन झाल्यावर’ या शब्दांवर सही करू नका), चित्रपट कुठे कुठे दाखवणार, तुमची दृश्यं दुसऱ्या कशात वापरणार का, विशेषतः जाहिरातीत, आणि श्रेयनामावलीत नाव. शेवटचं किरकोळ वाटतं, पण कायद्यानेही ते मोलाचं आहे. १९५७ च्या कॉपीराइट कायद्यात २०१२ च्या दुरुस्तीने कलाकाराला आपल्या कामाशी आपलं नाव जोडलं जाण्याचा हक्क दिला. त्याच दुरुस्तीत हेही आहे की चित्रपटात ज्याचं काम ओझरतं आहे आणि व्यवसायाच्या रीतीप्रमाणे ज्याचं नाव श्रेयनामावलीत कुठेच दिलं जात नाही, तो बहुतेक बाबतींत ‘कलाकार’ या व्याख्येत बसत नाही. शिवाय चित्रपटात काम घ्यायला एकदा लेखी संमती दिली की, करारात वेगळं काही नसेल तर, त्या चित्रपटाच्या वापराला नंतर हरकत घेता येत नाही. म्हणून जे हवं ते सहीच्या आधी.

आता यंत्रमागाविषयी. समजा दिग्दर्शकाने पटेल असं कारण दिलं आणि तुम्ही गेलात. आधी सुरक्षा. ओढणी नको, केस मोकळे नकोत, बांगड्या काढा. धोटा, म्हणजे दोरा घेऊन मागातून इकडून तिकडे धावणारा तुकडा, उसळून लागल्याच्या घटना कारखान्यांत घडतात. तुमची जागा मागाच्या कुठल्या बाजूला हे दिग्दर्शकाला नव्हे, मागवाल्याला विचारा. माग चालू असताना शेजारच्याचं बोलणं ऐकू येत नाही, त्यामुळे तिथे संवाद म्हणायचा प्रयत्न करू नका. तिथली माणसं हातवारे आणि ओठांवरून बोलतात, भुवई उचलून ‘कांड्या (दोरा गुंडाळलेल्या नळ्या) संपल्या’ सांगतात. ती भाषा बघून घ्या, ती शिकायला दोन दिवस पुरतात. तुटलेला धागा सांधताना कामगार डोळे बारीक करत नाही, बोटांनी चाचपतो, हे लक्षात ठेवा. मात्र तुमच्याऐवजी कांड्या भरणारी खरी मुलगी मिळत असेल तर तुम्ही बाजूला व्हा आणि दिग्दर्शकाला म्हणा, मी तिच्याशी गप्पा मारून तिचा संकोच घालवते. तेही कामच आहे, त्याचंही श्रेय आणि पैसे घ्या. मी अशी कितीतरी शूटिंगं केली आहेत जिथे अभिनेत्रीचा सर्वांत मोठा उपयोग कॅमेऱ्याच्या मागे झाला.

बोलीबद्दल एक विनंती. पूर्व भागातल्या पद्मशाली, म्हणजे विणकर समाजाच्या, घरांत तेलुगू बोलतात, अक्कलकोटच्या बाजूला कानडी, आणि आपली सोलापुरी मराठी या दोन्हींच्या सोबतीने वाढली आहे. म्हणून विडी कामगार बाई करायची म्हणजे तेलुगू हेल काढून बोलायचं असं करू नका. एकांकिकेत तो हेल हशा मिळवतो, आणि हीच अडचण आहे. तुम्हाला त्या बाईचे शब्द ध्वनिमुद्रणातून मिळणार आहेत. ते जसेच्या तसे पाठ करा, तिच्या थांबण्यासकट. ती जिथे मधेच दोऱ्याचं रीळ शोधते तिथे तुम्हीही शोधा. हेल तुमचा स्वतःचाच राहू दे.

कडक भाकरीचा चित्रपट सगळ्यात सोपा वाटतो आणि नवोदित कलाकार तिथेच जास्त घसरतात. तिथे तुम्ही भूमिका करत नाही, तुम्ही तुम्हीच आहात. म्हणून मान वाकडी करून ‘अय्या, किती छान’ असं म्हणायचा मोह आवरा. सोलापूरच्या मुलीला ज्वारीची पातळ कडक भाकरी आणि शेंगाची चटणी नवलाची नसते. खरोखर जे ठाऊक नाही तेच विचारा. इतकी पातळ थापताना ती तुटत का नाही? दिवसाला किती होतात, मनगट दुखतं का, पावसाळ्यात कडक राहते का? आणि उत्तर येईपर्यंत गप्प बसा. नवी निवेदिका शांततेला घाबरते आणि पुढचा प्रश्न टाकते. समोरची बाई तीन सेकंद थांबून जे बोलते, ते पहिल्या उत्तरापेक्षा जवळजवळ नेहमीच चांगलं असतं. माइक लुगड्याच्या पदराला नाही तर ब्लाऊजला लावायला सांगा, पदर थापताना घासतो आणि आवाज वाया जातो.

शिक्का बसण्याची भीती. हे परिस्थितीवर अवलंबून आहे, त्यामुळे छातीठोक सांगत नाही. एकाच छापाची पाच-सहा कामं लागोपाठ घेतली तर बसू शकतो. तीन वेगळ्या जातींच्या कामांनी बसत नाही. स्मिता पाटील चित्रपटांत येण्याआधी मुंबई दूरदर्शनवर बातम्या वाचत होत्या. आपल्याच जिल्ह्यातल्या करमाळा तालुक्यातल्या केमचा सोमनाथ अवघडे हलगी वाजवताना नागराज मंजुळे यांच्या नजरेस पडला आणि २०१३ च्या ‘फँड्री’साठी त्याला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. बातम्या वाचणं किंवा हलगी वाजवणं याला कोणी अभिनय म्हणत नाही, तरी निवडणाऱ्याला त्यात काही दिसलंच. मालिकेच्या ऑडिशनला माहितीपट कोणी पाहत नाही, हे मैत्रिणींचं म्हणणं मात्र बऱ्याच अंशी खरं आहे. बारा मिनिटं कोणीच पाहणार नाही. म्हणून दिग्दर्शकाकडून तुमच्या दृश्यांची फाइल मागून घ्या, हेही करारात लिहा, आणि त्यातला चाळीस सेकंदांचा एकच तुकडा काढा ज्यात तुमचे हात काम करताहेत आणि तुम्ही बोलताय. संगीत न घालता. माझ्याकडे येणाऱ्या शंभर व्हिडिओंत असा एखादाच असतो, आणि तो मी शेवटपर्यंत बघते.

पैशांबद्दल एवढंच, की जेमतेम मानधन पहिल्या कामाला चालतं, शून्य मानधन चालत नाही. ‘अनुभव मिळेल’ हे वाक्य कॅमेरामनला कोणी ऐकवत नाही, तेव्हा तुम्हीही ऐकून घेऊ नका. जेवण आणि प्रवास वेगळा.

तर तुमच्या तीन कामांविषयी: विडीचा चित्रपट घ्या, ‘पुनर्निर्मित प्रसंग’ ही पट्टी लेखी घेऊन. भाकरीचा घ्या, तो तुम्हाला ऐकायला शिकवील. यंत्रमागाचा, कारण कळेपर्यंत थांबवून ठेवा, आणि कारण पटलं नाही तर तेवढ्या एकाला नम्रपणे नाही म्हणा. दिग्दर्शक भला असेल तर बाकीची दोन कामं त्यामुळे जाणार नाहीत. गेलीच, तर ज्याला हा प्रश्न सोसला नाही त्याच्या चित्रपटात तुमचा चेहरा कुठल्या नावाखाली येईल याची मला काळजी वाटली असती.

आणि हो, शिकायला जाल तेव्हा त्या मावशींना आदल्या संध्याकाळीच निरोप द्या. पानं रात्रीच भिजवावी लागतात. तुमच्या वाटणीची मूठभर जास्त भिजवायला सांगा, आणि त्यांचे पैसे त्याच वेळी हातावर ठेवा.